यान्सझोनच्या शेजारी यान्सझोन

लढाई म्हटली की पहिल्यांदा नकाशा मागवला जातो. सेनापती त्यावर बोट ठेवतो, भुवया आक्रसतो आणि मग बाकीचे मरायला जातात. पण लढाई नकाशेवाल्यांचीच जुंपली तर त्यांनी बोट कशावर ठेवायचं? सतराव्या शतकात ॲम्स्टरडॅममध्ये अशी एक लढाई साठ-पासष्ट वर्षं चालली. कोणी कोणाची वीतभर जमीन घेतली नाही. घेतले ते तांब्याचे पत्रे, गिऱ्हाइकं, कारागीर आणि फावल्या वेळात एकमेकांच्या चुका.

रणांगण म्हणजे डामराकचा धक्का. तिथल्या लोकांच्या तोंडी त्याचं नाव नुसतं ‘पाण्यावर’ एवढंच. गलबतं दाराशी लागायची, खलाशी उतरला की समोर नकाशाचं दुकान. एका दुकानावर सोन्याचा मुलामा दिलेल्या सूर्यघड्याळाची पाटी. त्याचा मालक विलेम यान्सझोन. त्याला लागूनच दुसरं दुकान, पाटीवर सागरी नकाशा. त्याचा मालक यान यान्सझोन. दोघं एकमेकांचे कोणी लागत नव्हते. बापाचं नाव यान असलं की मुलगा यान्सझोन, अशी तिथली रीत. आणि त्या देशात बापाचं नाव यान असणं ही काही दुर्मिळ घटना नव्हती. त्यात नकाशे लॅटिनमध्ये छापायचे म्हणून दोघांनीही आपलं नाव लॅटिनमध्ये घातलं. झाले दोघेही यान्सोनियस! एकाच धंद्यात, एकाच धक्क्यावर, भिंतीला भिंत लावून दोन यान्सोनियस. लिस्बनहून कोणी पत्र पाठवून यान्सोनियसचा नकाशा मागवला, तर पैसे कोणाच्या गल्ल्यात पडायचे, हे तो पोचवणाऱ्याच्या मर्जीवर.

पुण्यात असं घडलं असतं तर एकाने ‘मूळ व जुने यान्सझोन’ अशी पाटी लावली असती, दुसऱ्याने ‘आमची कोठेही शाखा नाही’ म्हणून ठोकून दिलं असतं, आणि दोघांनीही दुपारी दुकान बंद ठेवलं असतं. ॲम्स्टरडॅममध्ये दुपारी दुकान बंद ठेवायची सोय नव्हती. म्हणून थोरल्या विलेमने 1621 च्या सुमाराला घराण्यातलं एक टोपणनाव उकरून काढलं आणि नावापुढे जोडलं : ब्लाऊ. जगाच्या नकाशांच्या इतिहासात हे आडनाव आज मोठ्या आदराने घेतलं जातं. ते आलं शेजाऱ्याच्या वैतागातून.

हा ब्लाऊ मुळात हेरिंग मासळीचा व्यापार करणाऱ्या घरातला. घरच्यांना वाटलं, पोरगा मासे तोलेल. पोराला आकाश मोजायचं होतं. तो थेट टायको ब्राहेच्या बेटावर जाऊन राहिला आणि तिथे ग्रह-ताऱ्यांची गणितं शिकला. ब्राहे म्हणजे त्या काळातला सगळ्यात मोठा खगोलवेत्ता. तरुणपणी एका द्वंद्वयुद्धात त्याच्या नाकाचा तुकडा उडाला होता, आणि भांडण गणितावरून होतं असं सांगतात. विद्येपायी नाक कापलं जाणं हे आपल्याकडे वाक्प्रचारात होतं, या गुरूचं प्रत्यक्षात झालं होतं. शिष्याने त्यातून योग्य तो धडा घेतला असावा, कारण त्याने पुढे आयुष्यभर भांडणं केली ती तलवारीला हात न लावता.

पहिली चकमक गोलांवर झाली. पृथ्वीचा गोल दिवाणखान्यात ठेवायची त्या वेळी श्रीमंतांत टूम होती. ब्लाऊने 1599 मध्ये 34 सेंटिमीटर व्यासाचा पृथ्वीगोल काढला. काल्व्हरस्त्राटवर योडोकस होंडियस म्हणून दुसरा बडा नकाशेवाला होता. त्याच्या दुकानावर सावध कुत्र्याची पाटी. तो कुत्रा लगेच भुंकला. होंडियसचा गोल आला, सेंटिमीटरभर मोठा! मग ब्लाऊने लहान गोल काढला, तर होंडियसनेही लहान काढला. 1613 मध्ये होंडियसच्या मुलाने 53 सेंटिमीटरच्या वर मजल मारली. ब्लाऊने दोन-तीन वर्षं दम धरला आणि 68 सेंटिमीटरचा गोल आणून ठेवला. पृथ्वी तेवढीच होती. तिच्यात या वर्षांत भर पडली होती ती थोड्याफार किनाऱ्यांची. गोल मात्र दुप्पट झाला. एवढा मोठा गोल दारातून आत कसा न्यायचा, ही चिंता विकणाऱ्याची नव्हे.

होंडियसची कमाल पाहायची तर वेगळीकडे बघावं लागतं. मर्केटर हा नकाशाशास्त्राचा पितामह 1594 मध्ये वारला. त्याचे तांब्याचे पत्रे 1604 मध्ये होंडियसने विकत घेतले, त्यात स्वतःच्या नकाशांची भर घातली आणि 1606 मध्ये नवा ॲटलास बाजारात आणला. पुढे 1613 च्या आवृत्तीत एक चित्र आलं : मर्केटर आणि होंडियस एकाच टेबलाशी समोरासमोर बसलेत, दोघांच्या हातात कंपास, पुढ्यात गोल, काम जोरात चाललंय. चित्र छापलं तेव्हा मर्केटर जाऊन एकोणीस वर्षं झाली होती आणि होंडियसही आदल्या वर्षी गेला होता. मेल्यानंतर इतक्या निष्ठेने नोकरी करणारी माणसं हल्ली मिळत नाहीत.

होंडियसच्या मुलीशी आपल्या दुसऱ्या यान्सझोनने 1612 मध्ये लग्न केलं. म्हणजे आता एकीकडे एकटा ब्लाऊ, दुसरीकडे सासरची अख्खी पेढी. या यान्सोनियसचा स्वभाव धोरणी. ब्लाऊने 1608 मध्ये खलाशांसाठी किनाऱ्यांचं एक जाडजूड मार्गदर्शक काढलं होतं आणि दुसऱ्या कोणी ते छापू नये असा दहा वर्षांचा सरकारी हक्क मिळवला होता. हक्क संपला. यान्सोनियसने 1620 मध्ये तेच पुस्तक, त्याच नावाने, तेच नकाशे घालून बाजारात आणलं. चोरी म्हणावी तर कायद्यात कुठे बसेना, आणि शेजारधर्म म्हणावा तर तोही बसेना. ब्लाऊने आरडाओरडा करण्याऐवजी तीन वर्षांत नवं, सुधारलेलं पुस्तक काढलं. प्रतिस्पर्ध्याच्या दुकानात आता जुना माल पडून. माझ्या मते या सगळ्या युद्धातली ही एकच सभ्य चाल. बाकीच्यांत मजा जास्त, सभ्यता कमी.

खरी गंमत 1630 ची. हे साल आपल्याला शिवजन्माचं म्हणून पाठ. ॲम्स्टरडॅममध्ये मात्र त्या वर्षी नकाशेवाल्यांच्या घरात भाऊबंदकी पिकून फुटली. थोरल्या होंडियसच्या दोन मुलांचं, योडोकस धाकटा आणि हेन्रिकस यांचं, पटेना. हेन्रिकस मेव्हण्याच्या, म्हणजे यान्सोनियसच्या बाजूला. योडोकसने वेगळी चूल मांडली आणि भावाला शह द्यायला गुपचूप नवे नकाशे कोरून घ्यायला लागला. जवळपास चाळीस पत्रे तयार झाले आणि 1629 मध्ये, चाळिशीही गाठायच्या आत, तो वारला. आता ते पत्रे भावाकडे यावेत की नाही? आले नाहीत. ते गेले ब्लाऊकडे. आपल्या घरातली भांडी वैऱ्याच्या मोरीत घासली जाताना बघावीत, तसं हेन्रिकसला झालं असणार.

ब्लाऊने काय केलं, तर पत्र्यावरचं ‘होंडियस’ घासून काढलं आणि तिथे ‘ब्लाऊ’ कोरलं. तांब्याच्या पत्र्यावर खोडणं म्हणजे रबर फिरवणं नव्हे. अक्षर खरवडायचं, मग पत्रा उलटा करून पाठीमागून हातोडीने हलके ठोके देत तो खड्डा वर उचलायचा, घोटून गुळगुळीत करायचा आणि नवीन अक्षरं उलटी कोरायची, कारण छापताना ती सुलटी येणार. एवढा खटाटोप नद्या सुधारायला, डोंगर सरकवायला कोणी फारसा केला नाही. कोपऱ्यातल्या नावासाठी केला. नकाशाच्या कोपऱ्यात जी वेलबुट्टीची चौकट असते, वर दोन गुबगुबीत देवदूत, खाली फळांचे घोस, तिथे हे नाव असायचं. सगळं युद्ध त्या चौकटीसाठी होतं. बाकी पृथ्वी म्हणजे चौकटीभोवतीची रिकामी जागा!

1630 मध्ये ब्लाऊने साठ नकाशांचा ॲटलास काढला. हेन्रिकस आणि यान्सोनियस यांनी 1630 च्या मार्चमध्ये दोन कोरक्यांशी करार केला. काम : छत्तीस पत्रे. मुदत : दीडेक वर्ष. नमुना : ब्लाऊने नुकतेच काढलेले नकाशे. म्हणजे बघा, घरच्या पत्र्यांवरून शत्रूने छापलेले नकाशे बाजारातून आणायचे आणि त्यांवरून पुन्हा घरचे पत्रे करून घ्यायचे. मालकाने आपल्याच चोरीला गेलेल्या छत्रीची नक्कल करून घेण्यासारखाच हा प्रकार! आणि कोरक्यांनी काम चोख केलं. आजही ब्लाऊचा अमुक नकाशा आणि यान्सोनियसचा अमुक नकाशा शेजारी ठेवले, तर फरक शोधायला भिंग लागतं. देवदूत जरा जास्त गुबगुबीत कोणाचा, एवढाच वाद उरतो.

आता ही चोरी पकडायची कशी? नकाशाच्या धंद्यातला हा कायमचा प्रश्न. नदी सगळ्यांच्याच नकाशात असणार. ती माझ्या नकाशातून उचलली हे कसं सिद्ध करायचं? पुढे अमेरिकेत 1930 च्या दशकात एका नकाशा कंपनीच्या दोघांनी आपल्या नावांची अक्षरं कालवून ‘अ‍ॅग्लो’ नावाचं गाव न्यूयॉर्क राज्याच्या नकाशात एका कच्च्या रस्त्याच्या तिठ्यावर टाकून दिलं. गाव नव्हतंच. दुसऱ्याच्या नकाशात दिसलं की चोर सापडला. काही वर्षांनी ते रँड मॅकनॅली या दुसऱ्या कंपनीच्या नकाशात दिसलं! मग म्हणे वकिलांची भाषा सुरू झाली, तर समोरून उत्तर आलं की गाव आहे, तिथे ‘अ‍ॅग्लो जनरल स्टोअर’ आहे. आणि खरंच होतं. कोणीतरी त्या तिठ्यावर दुकान टाकलं आणि नकाशात बघून त्याला गावाचं नाव दिलं. सापळ्यात उंदीर येण्याऐवजी सापळ्यात कोणीतरी बिऱ्हाड थाटलं.

ॲम्स्टरडॅमवाल्यांना असे सापळे लावायची गरज नव्हती. त्यांच्याकडे न मागता खोट्या जागा येत होत्या. दक्षिण अमेरिकेतल्या गयानाचा नकाशा घ्या. त्यात मध्यभागी पारिमे नावाचं भलंमोठं सरोवर आहे, काठावर सोन्याचं शहर. इंग्रज दर्यावर्दी सर वॉल्टर रॅलेच्या वर्णनावरून ते नकाशात शिरलं. थोरल्या होंडियसने 1599 च्या सुमाराला ते काढलं, वर शेजारी मुंडकं नसलेली, छातीवर डोळे असलेली माणसंही काढली. मुंडकं नसलेली माणसं पुढे बाद झाली. सरोवराने मात्र तग धरला. ब्लाऊच्या गयानाच्या नकाशात ते आहे. यान्सोनियसच्या गयानाच्या नकाशात ते आहे. नकाशाचं लॅटिन नावसुद्धा दोघांचं एकच. एकमेकांचं तोंड न पाहणाऱ्या दोन दुकानांचं या सरोवरावर मात्र पूर्ण एकमत. 1800 च्या सुमाराला हुम्बोल्ट हा जर्मन शास्त्रज्ञ ओरिनोको नदीवर फिरला आणि त्याने सांगितलं की पावसाळ्यात नद्या फुगून पाणी पसरतं, त्यावरून ही अफवा आली, सरोवर नाही. म्हणजे दोनेकशे वर्षं सोनं शोधायला जाणाऱ्यांनी सरोवराचा काठ धुंडाळला. त्यांच्याकडे दोन मोठ्या पेढ्यांचा पुरावा होता, आणि दोन्ही पेढ्यांचं म्हणणं जुळत होतं.

कधीकधी मला वाटतं, हे युद्ध माणसांनी न लढता नकाशांनीच लढायला हवं होतं. रात्री दुकानं बंद झाल्यावर दोन्ही ॲटलास आपोआप उघडतात. ब्लाऊच्या अटलांटिकमधला शिंगवाला मासा पान ओलांडून यान्सोनियसच्या अटलांटिकवर चालून येतो. तिकडचा मासाही शिंगवालाच, कारण तो याच्याचवरून कोरलेला. दोघं समोरासमोर आले की आरशात बघितल्यासारखे थबकतात. कोपऱ्यातले देवदूत फळांच्या घोसांतली द्राक्षं एकमेकांवर फेकतात. वाऱ्याचे गाल फुगवलेले चार चेहरे फुंकर घालून शत्रूची गलबतं उलटी पाठवू बघतात, पण गलबतं दोन्हीकडे एकाच दिशेने कोरलेली. सिंहाच्या आकाराचा नेदरलंड्स, तो काढायची तेव्हा भारी हौस, डरकाळी फोडतो, पण समोरही सिंहाच्याच आकाराचा नेदरलंड्स. शेवटी कोणीतरी पंचाईत करायला पारिमेच्या काठावर सभा घ्यायचं ठरवतं. सगळे निघतात. काठ कुठे सापडत नाही. पहाट होते, कामगार येतात, पानं मिटतात.

दिवसा मात्र जाडीची शर्यत चालू होती. ब्लाऊचे दोन खंड 1635 मध्ये आले. मग तिसरा, चौथा, पाचवा. यान्सोनियसही मागे हटेना. इंग्लंडच्या परगण्यांचा ब्लाऊचा खंड 1645 मध्ये आला, यान्सोनियसचा 1646 मध्ये. ब्लाऊने 1654 मध्ये स्कॉटलंडचा खंड काढला. तो टिमथी पाँट नावाच्या माणसाने साठ-सत्तर वर्षांपूर्वी डोंगरदऱ्या पायी तुडवून केलेल्या मोजणीवर उभा होता. पाँट ते बघायला उरला नाही. या सगळ्या हकिकतीत पायाला फोड आलेला हा मला दिसलेला एकटाच माणूस, आणि कोपऱ्यातल्या चौकटीत मोठ्या अक्षरात नाव आलं ते पेढीचं.

थोरला ब्लाऊ 1638 मध्ये गेला. त्याच्या मुलाने, योआनने, लढाई आणखी जोरात चालवली. आधी बाप आणि मग मुलगा, दोघंही डच ईस्ट इंडिया कंपनीचे अधिकृत नकाशाकार. आपल्या वेंगुर्ल्याला कंपनीने वखार घातली ती याच काळात. सुरतेहून, वेंगुर्ल्याहून, बटाव्हियाहून परतणाऱ्या कप्तानांनी आपली रोजनिशी कंपनीकडे जमा करायची, त्यावरून सागरी नकाशे सुधारायचे, आणि ते कोणाला दाखवायचे नाहीत. म्हणजे जगातली सगळ्यात ताजी माहिती ब्लाऊच्या टेबलावर येत होती, आणि ती बाहेर सांगायची त्याला सक्त मनाई होती. मग बाजारातल्या ॲटलासात काय? बापाच्या वेळचे जुने पत्रे, नव्याने छापलेले. खलाशाला खरा नकाशा हाताने काढून मिळायचा, साधा, डागाळलेला. चामड्यात बांधलेला, सोनेरी कडांचा नकाशा मिळायचा तो ज्याला आयुष्यात समुद्र लागू नये अशी इच्छा असायची त्याला.

योआनचा छापखाना 1637 पासून ब्लूमग्राख्तवर होता. तिथे अक्षरं छापायची नऊ यंत्रं होती आणि त्यांना नऊ ग्रीक कलादेवतांची नावं दिलेली होती, हे एका पाहुण्याने लिहून ठेवलंय. तांब्याच्या पत्र्यांची यंत्रं आणखी सहा. त्यांना नावं दिल्याचं त्याने लिहिलेलं नाही. यातून 1662 मध्ये अकरा खंडांचा थोरला ॲटलास बाहेर पडला. सुमारे सहाशे नकाशे, तीन हजारांवर पानांचा मजकूर. किंमत साधी साडेतीनशे गिल्डर, रंगवलेला हवा असेल तर साडेचारशे. त्या शतकातला सगळ्यात महाग छापील ग्रंथ तो हाच, असं समजलं जातं. साध्या कारागिराने वर्षभर पोटाला चिमटा घेतला तरी जमलं नसतं. यान्सोनियसकडेही अकरा खंडच होते. बाराव्याची कल्पना कोणाला आधी सुचते याकडे दोघांचे कारागीर धास्तावून बघत असतील. फ्रेंच आवृत्ती ब्लाऊने बारा खंडांची केलीच.

असल्या ग्रंथाचा उपयोग काय, तर सरकारला तो अहेर म्हणून फार आवडला. 1668 मध्ये तो तुर्कस्तानच्या सुलतानाला नजर केला गेला आणि तिकडे त्याचं भाषांतरही सुरू झालं. एका सरकारने दुसऱ्या देशाच्या राजाला जगाचा नकाशा द्यावा, यात थोडी आगाऊ सूचना असतेच. पण सुलतानाने ती मनावर घेतली नाही.

या भांडणात तटस्थ राहिलेला मला एकच शहाणा माणूस दिसतो, डेल्फ्टचा चित्रकार व्हर्मीर. त्याच्या एका चित्रात हसणाऱ्या मुलीच्या मागे भिंतीवर हॉलंडचा मोठा नकाशा आहे, तो ब्लाऊने छापलेला. खगोलशास्त्रज्ञाच्या आणि भूगोलकाराच्या चित्रांत मात्र गोल आहेत ते होंडियसचे. दोन्ही दुकानांत त्याची उधारी असावी, असा माझा संशय आहे. पुरावा काही नाही.

सुरतेची पहिली लूट झाली त्याच 1664 सालच्या उन्हाळ्यात यान्सोनियस वारला. दोन्हींचा एकमेकांशी काडीचा संबंध नाही, पण नकाशाच्या दुकानाबाहेर जग चालू होतं एवढं ध्यानात राहावं. योआन ब्लाऊ जिंकला म्हणायला हरकत नव्हती. शेजारच्या दुकानातून आता खोडी काढायला कोणी नव्हतं. 1672 च्या फेब्रुवारीत ग्राव्हनस्त्राटवरच्या त्याच्या नव्या छापखान्याला आग लागली. कागद जळाला, टाइप वितळले, पत्रे गेले. स्पॅनिश आवृत्ती अर्धवट राहिली ती राहिलीच. पुढल्या वर्षी योआन गेला.

आगीतून वाचलेल्या पत्र्यांचा लिलाव झाला. काही डे विट नावाच्या व्यापाऱ्याने घेतले. यान्सोनियसचे पत्रे वारसांकडे पडून होते, त्यातले बरेचसे 1694 मध्ये शेंक आणि फाल्क या दोघांनी उचलले. नकाशे छापायला घेण्याआधी त्यांनी पहिलं काम केलं ते कोपऱ्यातल्या चौकटीचं. जुनं नाव खरवडलं, पत्रा उलटा केला, पाठीमागून हातोडीचे हलके ठोके दिले, घोटून साफ केलं आणि आपली नावं उलटी कोरून घेतली. बाकी नकाशाला त्यांनी फारसा हात लावला नाही. तो चांगला खपत होता.